गेलेल्यांची हजेरी

अंबाजोगाई हें नांव आपणांपैकीं पुष्कळांच्या परिचयाचें असेल. बीड जिल्ह्यांत बालाघाटच्या डोंगरांत वसलेलें, जयंती नदीच्या कांठचें हें आमचें गांव. योगेश्वरी ही कोंकणांतील अनेक घराण्यांची कुलदेवता असल्यामुळें पुण्यामुंबईकडील मंडळी लग्नकार्यानंतर येथें येतात, देवीची ओटी भरतात, सवड असली तर मुकुंदराजांच्या समाधीचें दर्शन घेतात आणि दुसऱ्या दिवशीं परत फिरतात. गांवाची व त्यांची ओळख होते ती एवढीच. यांत वावगें कांहीं नाहीं. पाहुण्यानें देऊळ पाहावें, गांव पाहणें हें गांवकऱ्याचें काम. मी येथला गांवकरी आहें. मॅट्रिक होऊन, शिक्षकाचें शिक्षण घेऊन, आसपासच्या खेड्यांतील प्राथमिक शाळांतून मीं आयुष्य घालविलें आणि आतां निवृत्त होऊन घरीं बसलों आहें. आज मला आपणांशीं बोलावयाचें आहे तें आमच्याकडील अशा माणसांविषयीं, कीं जीं मरून गेलीं, ज्यांची समाधि नाहीं, ज्यांचा ग्रंथ नाहीं, आणि ज्यांचें नांव घेणारीं माणसेंहि आतां एकेक करून चाललीं आहेत.

आमचें गांव मृतांना विसरणारें आहे, असें मात्र कोणीं समजूं नये. यादव राजा सिंघण याचा सेनापति खोलेश्वर हा आमच्या गांवाशीं निगडित असलेला पुरुष. त्याचा मुलगा राम हा गुजरातवरील स्वारींत पडला. त्याची बहीण लक्ष्मी हिनें भावाच्या स्मरणार्थ येथें देऊळ बांधविलें, आणि तें शके ११६२ च्या, म्हणजे इ. स. १२४० च्या शिलालेखांत नमूद आहे. मोठमोठ्या विजयांचे लेख पुष्कळ ठिकाणीं सांपडतात. परंतु घरीं परत न आलेल्या भावासाठीं बहिणीनें कोरविलेलीं हीं अक्षरें पावणेआठशें वर्षांहून अधिक काळ टिकून राहिलीं, याचें मला नेहमीं विशेष वाटत आलें आहे.

मुकुंदराजांचा 'विवेकसिंधु' शके १११० मधील, म्हणजे इ. स. ११८८ मधील मानला जातो. त्याच्या काळाविषयीं आणि कवीच्या समाधिस्थानाविषयीं विद्वानांत वाद आहेत. आमच्या गांवकऱ्यांना त्या वादाची अडचण पडत नाहीं. दरीच्या कडेला असलेल्या त्या समाधीपुढें ते पिढ्यान् पिढ्या हात जोडीत आले आहेत. पुढें सोळाव्या शतकांत दासोपंत झाले. कागद त्यांना पुरेना म्हणून कीं काय, त्यांनीं सुमारें चाळीस फूट लांब आणि चार फूट रुंद अशा कापडावर आपला 'पंचीकरण' हा ग्रंथ लिहिला. तीच पासोडी. ती आजहि आमच्या गांवांत आहे. आणि अगदीं अलीकडचें नांव घ्यावयाचें तर स्वामी रामानंद तीर्थ यांचें. हैदराबादच्या मुक्तिसंग्रामाचे ते नेते खरे, पण आम्हां शिक्षकांच्या मनांत ते आधीं योगेश्वरी विद्यालयाचे मुख्याध्यापक आहेत. २२ जानेवारी १९७२ रोजीं ते गेले, आणि त्यांच्या नांवानें आज विद्यापीठ आहे, वैद्यकीय महाविद्यालय आहे.

म्हणजे कोणाला दगड मिळाला, कोणाला कापड, कोणाला संस्था. हें योग्यच झालें. पण मी शाळेंत मुलांना पासोडीची गोष्ट सांगत असें, तेव्हां एका मुलानें मला विचारलें, "गुरुजी, तें चाळीस फूट कापड विणलें कोणी?" मला उत्तर देतां आलें नाहीं. लक्ष्मीच्या देवळाचे चिरे कोणीं घडविले, तेंहि मला माहीत नाहीं. मोठ्यांचें स्मरण ज्यांच्या हातांनीं सिद्ध झालें, त्या हातांचें नांव कोठेंच उरलेलें नाहीं.

आपल्या धर्मानें यावर एक सोय करून ठेविली आहे. भाद्रपदाच्या वद्य पक्षांत आपण श्राद्ध करितों, तेव्हां पिता, पितामह आणि प्रपितामह अशा तीन पिढ्यांचीं नांवें घ्यावीं लागतात. ज्यांची तिथि ठाऊक नाहीं त्यांच्यासाठीं सर्वपित्री अमावास्या आहे. आमच्या मुसलमान शेजाऱ्यांकडे शबे-बरातला लोक कबरस्तानांत जातात आणि फातिहा पढतात. पण खरें सांगावयाचें तर तीनच पिढ्यांचीं नांवेंहि आतां अनेकांना येत नाहींत. भटजी विचारतात, यजमान आईकडे पाहतो, आणि आई एखाद्या म्हाताऱ्या आत्याला फोन लावावयास सांगते. ती आत्या गेली, म्हणजे पुढें काय?

सरकारचीहि सोय आहे. जन्म-मृत्यु नोंदणीचा कायदा १९६९ सालीं झाला. त्याप्रमाणें मृत्यूची वर्दी एकवीस दिवसांच्या आंत द्यावी लागते. पण पूर्वीं खेड्यापाड्यांतून ही वर्दी द्यावयास जाई कोण? शेत नांवावर करावयाचें असेल तर माणूस जात असे. ज्याला शेत नव्हतें, त्याच्या मरणाचा दाखला कोणाला लागणार? जन्माच्या बाबतींतहि तोच प्रकार. शाळेंत घालावयास आलेल्या पोराची जन्मतारीख आईबापांना सांगतां येत नसे. मग आम्ही मास्तर लोक सरसकट १ जून लिहून मोकळे होत असूं. महाराष्ट्रांत १ जूनला वाढदिवस असलेलीं इतकीं माणसें कां आहेत, याचा उलगडा आपणांपैकीं कोणास झाला नसेल तर तो असा आहे. त्या पापांत माझाहि वांटा आहे. म्हणजे कित्येकांची जन्माची नोंद खोटी, मरणाची मुळींच नाहीं, आणि या दोहोंच्या मध्यें एक उभें आयुष्य होऊन गेलें.

या गोष्टींचा मीं तरुणपणीं कधीं विचार केला नाहीं. तो मला एका बाईनें करावयास लावला.

आमच्या जिल्ह्यांतून दर वर्षीं दसरा-दिवाळीच्या सुमारास हजारों कुटुंबें ऊसतोडीला जातात. पश्चिम महाराष्ट्रांतील व कर्नाटकांतील साखर कारखान्यांच्या रानांत तीं पांच-सहा महिने राहतात. मुकादमाकडून आगाऊ पैसा घेतात, त्याला 'उचल' म्हणतात. नवराबायको मिळून 'एक कोयता' असा हिशेब धरतात. पाचटाच्या नाहीं तर ताडपत्रीच्या कोपींत त्यांचा संसार चालतो. घरीं सांभाळणारें कोणी नसलें तर मुलेंहि बरोबर जातात, आणि आमच्या हजेरीपटावर गैरहजेरीच्या खुणांची रांग लागते.

माझ्या वर्गांत तिसरींत एक मुलगी होती. अक्षर सुरेख, आवाज लहान. हजेरी घेतांना तिचें 'हजर' ऐकूं यावें म्हणून मला पेन्सील थांबवावी लागे. ती आईबापांबरोबर गेली. महिन्यामागून महिने गैरहजेरी पडत गेली, तेव्हां नियमाप्रमाणें मीं रजिस्टरांत तिच्या नांवावर लाल शाईची रेघ ओढली आणि शेऱ्याच्या रकान्यांत 'दीर्घकाळ गैरहजर, नांव कमी केलें' असें लिहिलें. असे शेरे मीं शेंकडों लिहिले असतील. हात त्याला सरावलेला होता.

पाऊस सुरू झाल्यावर तिची आई शाळेंत आली. पोर तिकडेच, उसाच्या फडावर, तापानें गेली होती. तेथेंच मूठमाती दिली होती. बाई रडली नाहीं. रडणें तिकडे होऊन गेलें असावें. तिनें विचारलें, "गुर्जी, लेकराचं नाव तुमच्या बुकात हाय का अजून?"

मीं रजिस्टर काढून पान उघडलें. बाईला वाचतां येत नव्हतें, म्हणून नांवावर बोट ठेवून दाखविलें. ती बराच वेळ पाहत राहिली. मग म्हणाली, "ही लाल रेघ कशाची?"

काय सांगावें मला सुचेना. मीं म्हटलें, "ती आतां शाळेंत येत नाहीं, म्हणून."

"मग बरुबर हाय," ती म्हणाली. आणि थोडें थांबून म्हणाली, "पर रेघंखाली नाव दिसतंय न्हवं?"

त्या मुलीचा फोटो नव्हता. जिथें तिला पुरलें तें रान परक्याचें, आणि पुढच्या हंगामांत त्यावर पुन्हां ऊस उभा राहणार होता. या जगांत तिची एवढी एकच खूण राहिली होती, आणि तिच्यावर रेघ ओढणारा मी होतों. बाईनें तें नांव कागदावर लिहून मागितलें. मीं मोठ्या अक्षरांत लिहून दिलें. तिनें तो कागद चौघडी घालून पदराच्या गांठीं बांधला आणि ती निघून गेली. ताप आला तेव्हां काय झालें, तिकडे डॉक्टर होता कीं नाहीं, हें विचारण्याचेंहि मला सुचलें नाहीं. रेघ ओढण्यापूर्वीं त्या मुलीची चौकशी करणें हें माझें काम होतें आणि तें मीं केलें नव्हतें, हें मला घरीं पोंचल्यावर उमगलें.

त्याच रात्रीं मीं शंभरपानी वही घेतली आणि पहिल्या ओळीवर तिचें नांव लिहिलें. तेव्हांपासून ही वही चालूं आहे. एकीच्या आतां तीन झाल्या. त्यांतील नांवें मी आज येथें घेणार नाहीं. ज्यांच्या घरचीं तीं आहेत त्यांनीं तीं मला सांगितलीं, तीं नभोवाणीवरून सांगण्यास दिलीं नाहींत. पण वही कशी लिहिली तें सांगण्यास हरकत नाहीं.

माझ्या वहींत चार रकाने आहेत: नांव, काम, गेल्याचा दिवस, आणि त्या माणसाविषयीं एक खरी गोष्ट. पहिले दोन सोपे. तिसरा अवघड, कारण लोकांची कालगणना निराळी असते. कोणी म्हणतें, "मोमिनाबाद होतं तवाच". निजामाच्या अमदानींत आमच्या गांवाचें तें नांव होतें. कोणी म्हणतें, "पोलीस ॲक्शनच्या साली", म्हणजे १९४८ चा सप्टेंबर. कोणी सांगतें, "सुकडीच्या वर्षी", म्हणजे १९७२ चा दुष्काळ. त्या वेळीं मी शाळकरी मुलगा होतों. खडी फोडणाऱ्या बायामाणसांच्या रांगा आणि पोरांना वांटण्यांत येणारी ती पिवळी सुकडी मला अजून दिसते. आणि कोणी म्हणतें, "भूकंपाच्या आदल्या पोळ्याला". तो किल्लारीचा भूकंप, ३० सप्टेंबर १९९३ च्या पहाटेचा. त्या रात्रीं आमच्याकडेहि लोक अंगणांत येऊन बसले होते. तेव्हां माणसाला तारीख विचारूं नये. त्या वेळीं शेतांत काय उभें होतें, कोणता सण जवळ आला होता, घरांत कोणतें मूल रांगत होतें, असें विचारावें. साल आपोआप हातीं लागतें.

चौथा रकाना सर्वांत अवघड. मेल्या म्हशीला मणभर दूध, ही म्हण आपणांस ठाऊकच आहे. मेलेल्या माणसाविषयीं विचारलें कीं 'देवमाणूस होता' याच्यापुढें कोणी जात नाहीं. देवमाणसांनीं वही भरली तर ती कोणाचीच उरत नाहीं. म्हणून मी स्तुति लिहीत नाहीं. एकच गोष्ट लिहितों, पण ती त्या माणसाची पाहिजे.

आमच्या गल्लींत एक शिंपी होते, मुसलमान. सांगितलेल्या दिवशीं त्यांनीं कपडा कधीं दिला नाहीं आणि त्याबद्दल कधीं ओशाळलेहि नाहींत. पण शाळेच्या पोरांच्या चड्ड्यांना ते खालीं आंतून चार बोटें कापड दुमडून ठेवीत, म्हणजे पुढच्या वर्षीं उसवून लांब करतां यावी. या जादा कापडाचे पैसे ते धरीत नसत. त्यांच्या ओळींत हें लिहिलें आहे, आणि कपडा वेळेवर न देण्याचेंहि लिहिलें आहे.

एक सुईण होती. अर्धी आळी तिच्या हातांवर जन्मली. आम्ही मास्तरांनीं ज्यांना १ जून बहाल केला, त्यांतील कित्येकांची खरी वेळ तिला तोंडपाठ होती: हा पोळ्याच्या आदल्या रात्रीं, ही नागपंचमीच्या दुपारीं. तिला विचारून रजिस्टर लिहावें असें आमच्यापैकीं एकालाहि सुचलें नाहीं. ती गेली तेव्हां तिच्याबरोबर सगळ्या आळीच्या जन्मपत्रिका गेल्या.

एक वडार होता. आसपासच्या खेड्यांतून त्यानें विहिरी खणल्या. त्या विहिरींवर दगड बसविलेले आहेत आणि त्यांवर मालकांचीं नांवें कोरलेलीं आहेत. त्यानें खणलेल्या विहिरींची यादी मीं त्याच्या मुलाकडून उतरून घेतली, आणि वहींत त्याच्या ओळीपुढें लिहून ठेविली.

आणखी एक गृहस्थ. त्यांच्याविषयीं चांगला शब्द बोलणारें कोणी मिळेना. व्याजानें पैसे लावीत, कोर्टकज्जे करीत. दोन वर्षें त्यांची ओळ अर्धी राहिली. शेवटीं त्यांचा एक जुना सालगडी भेटला. तो म्हणाला, "मालक वाईटच. पर जनावर कदी उपाशी बांधलं न्हाई." मीं तें दोन्ही लिहिलें, वाईट आणि जनावरांचें. माणूस पुरा झाला.

श्रोतेहो, आतां जें सांगणार आहें तें आपण वाचलें असेल. एप्रिल २०२१ मध्यें करोनाच्या दुसऱ्या लाटेंत आमच्या गांवीं एकाच रुग्णवाहिकेंतून बावीस देह स्मशानांत नेण्यांत आले. त्याच महिन्यांत आठ जणांना एका सरणावर अग्नि द्यावा लागला. या बातम्या देशभर छापून आल्या. कोणाचें चुकलें, गाड्या कां कमी पडल्या, यावर बरेंच बोलणें झालें. तो माझा विषय नाहीं. मला लागून राहिलें तें निराळेंच. अंबाजोगाईचें नांव साऱ्या देशांत झालें तें एका आंकड्यासाठीं. बावीस. त्या बातमींत बाविसांपैकीं एकाचेंहि नांव मीं वाचलें नाहीं.

त्या काळांत कोणाला खांदा देतां आला नाहीं, तोंड पाहतां आलें नाहीं. मुलगा परगांवीं अडकलेला, बायको दुसऱ्या वॉर्डांत पडलेली. आपल्याकडे प्रेताला हांक मारून रडण्याची चाल आहे. आपण सुशिक्षित लोक तिला नाकें मुरडतों. पण त्या हांकेंत त्या माणसाचें नांव असतें, शेवटचें एकदां मोठ्यानें घेतलेलें. त्या एप्रिलमध्यें तेंहि राहून गेलें.

टाळेबंदी उठल्यावर मी वही घेऊन ओळखीच्या घरीं जाऊं लागलों. पहिल्यानें संकोच वाटला. दुःखाच्या घरीं रकाने भरावयास जाणें हें बरें दिसत नाहीं. पण एकाहि घरानें मला परत पाठविलें नाहीं. एका घरीं त्या माउलीनें मला दोन तास बसवून घेतलें. तिच्या नवऱ्याचें दुकान, त्याचा राग, चहांत त्याला लागणारी जादा साखर, सगळें सांगितलें. मीं एकच गोष्ट लिहिणार म्हटलें, तर ती कोणती लिहावी हें तिला ठरवितां येईना. निघतांना ती म्हणाली, "दवाखान्यातून आलं ते बिल आणि दाखला. त्यांच्याविषयीं मला विचारायला आजवर कोणी आलं नव्हतं." मी तिच्या नवऱ्याच्या ओळींत साखरेचें लिहून आलों.

चाळीस वर्षें मीं रोज सकाळीं हजेरी घेतली असेन. हजेरीचा एक नियम आहे. मूल आलें नसलें तरी त्याचें नांव पुकारावेंच लागतें. मास्तर नांव घेतो, क्षणभर थांबतो, आणि मग वर्गांतून कोणीतरी सांगतें, "गुरुजी, तो आजारी आहे", "ती मामाच्या गांवाला गेली". जो नाहीं त्याच्या वतीनें शेजारचा बोलतो. मेलेल्यांची हजेरी हीहि याहून कांहीं निराळी नाहीं. पुकारलेल्या नांवावर ज्याला त्याच्याविषयीं सांगतां येतें असें कोणीतरी वर्गांत असलें पाहिजे, एवढेंच. आमच्या पिढीनंतर तसें कोणी असेल कीं नाहीं, याची मला धास्ती वाटते, म्हणून मी लिहितों.

आपण शहरांत राहतां. आपल्याजवळ छायाचित्रें पुष्कळ आहेत. पण आजोबांच्या जुन्या फोटोंतील मागच्या रांगेंतले चारजण कोण, हें सांगणारें माणूस आज घरांत आहे आणि उद्यां नसेल. तेव्हां माझी विनंति साधी आहे. पुढची सर्वपित्री अमावास्या येण्यापूर्वीं एक वही घ्या. घरांतील सर्वांत वडील माणसाजवळ बसा आणि तीन पिढ्यांचीं नांवें लिहून घ्या, बायकांचींहि घ्या, त्यांच्या माहेरच्या नांवांसह. नंतर आपल्या घरच्या नसलेल्या दोघांचीं तरी त्यांत घाला: ज्या बाईनें आपलीं भांडीं घांसलीं, ज्या माणसानें आपला जिना झाडला. प्रत्येकापुढें एक खरी गोष्ट लिहा. आणि आपण योगेश्वरीच्या दर्शनाला आमच्या गांवीं आलांत, तर ओटी भरून झाल्यावर देवळाबाहेरच्या एखाद्या म्हाताऱ्या फुलवालीजवळ पांच मिनिटें थांबा व तिच्या आधीं त्या जागेवर कोण बसत असे तें विचारा. ती सांगेल.

माझ्या पहिल्या वहींतील पहिल्या ओळीवर लाल रेघ नाहीं. तेवढी चूक मीं दुसऱ्यांदा केली नाहीं.